अखंड वस्त्राचे मास्तर

उभा जन्म ज्या माणसाने कात्री चालवली, त्याला म्हातारपणी साक्षात्कार झाला की कापणं हे पाप आहे. मास्तरीणबाईंनी हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा त्या कांदा चिरत होत्या. त्यांनी हातातल्या सुरीकडे पाहिलं, नवऱ्याकडे पाहिलं आणि पुढचा कांदा घेतला.

मास्तर म्हणजे शाळेतले नव्हेत. शर्टांच्या कारखान्यात ते कटिंग मास्तर होते. टेबलावर कापडाचे थर पसरायचे, खडूने आखायचं आणि वजनदार कात्रीने थरच्या थर कापायचे. काम चोख होतं, हे बाईही नाकारत नसत. मग कारखान्यात कापायचं यंत्र आलं. मालकाने मास्तरांना दोन गोड शब्द ऐकवले आणि घरचा रस्ता दाखवला. पुढे बरेच दिवस मास्तर खिडकीशी तोंड पाडून बसले आणि एका सकाळी त्यांना कळलं की हे विश्व म्हणजे एक अखंड वस्त्र आहे. यंत्र आलं नसतं तर विश्व आणखी काही वर्षं तुकड्यातुकड्यांचंच राहिलं असतं, असं बाईंचं स्वच्छ मत होतं.

तत्त्वज्ञान असं. उभे धागे म्हणजे जे आधीच ठरलेलं आहे ते, आडवे धागे म्हणजे आपण जे करतो ते. विणणारा कोणी नाही, वस्त्र स्वतःच स्वतःला विणतं. आपण जन्मभर त्याची उलटी बाजू बघतो, म्हणून आपल्याला नुसत्या गाठीच दिसतात. आणि ज्याने कात्री लावली, त्याने विश्वाला भोक पाडलं.

मास्तरांचा आवाज खर्जातला, आणि वाक्य संपवताना ते डोळे मिटत. डोळे मिटून बोलणाऱ्यावर लोकांचा विश्वास लवकर बसतो. बघता बघता पुढच्या खोलीत भक्त जमू लागले. त्यांत एक विमा एजंट होता, एक निवृत्त मुख्याध्यापिका होती, आणि ज्यांना घरी कोणी विचारत नाही असे बाकीचे सगळे. शिवायचं म्हणजे आधी कापणं आलं, म्हणून मास्तरांनी शिवलेले कपडे सोडले. भक्तांनीही सोडले. सगळे अंगाभोवती चादरी गुंडाळून बसत. नवख्याला वाटावं, आंघोळीला नंबर लावून बसलेत. नखं तर कोणीच कापेना. एवढं नाकाने कांदे सोलणाऱ्या मास्तरांना जेवताना कांदा मात्र बारीक चिरलेलाच लागे. तो स्वयंपाकघरात आपोआप तसा होतो, अशी त्यांची समजूत असावी.

बाईंना हसू येई. धुणं धुताना तर फारच. कारण चादरीखाली मास्तर गुडघ्यापर्यंतची, पट्ट्यापट्ट्यांची, रीतसर कापून शिवलेली नाडीची चड्डी घालत. चादरीचा भरवसा नाही, हे विश्वाचं रहस्य उलगडलेल्या माणसालाही कळत होतं. ती चड्डी बाई मागे मोरीत वाळत घालत. नवऱ्याची अब्रू वगैरे काही नाही, लाज बाईंची बाईंनाच वाटे.

हसणं थांबलं ते वन्संमुळे. मास्तरांची ही धाकटी बहीण, लग्न न झालेली, मागच्या खोलीत राहायची. त्याच कारखान्याच्या शर्टांची काजं तिने घरी बसून वर्षानुवर्षं केली होती. आता दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू पिकला होता. समोरचा चहाचा कपही ती चाचपून शोधायची. डॉक्टरांनी बजावलं, ऑपरेशन लवकर करा, नाहीतर डोळे हातचे जातील.

"डोळ्याला पातं लावायचं?" मास्तर म्हणाले. "तोही वस्त्राचाच भाग आहे. धुकं आलंय, जाईल."

वन्सं म्हणाल्या, "दादा नको म्हणतोय ना, मग नको."

बाईंच्या अंगाचा तिळपापड झाला. मास्तर रोज संध्याकाळी मागच्या खोलीत जाऊन बहिणीजवळ बसत आणि तिला उभ्या धाग्यांबद्दल सांगत. एका घरात इतकी वर्षं राहून ज्याने तिला कधी 'कशी आहेस' म्हणून विचारलं नाही, तो आता तिला आंधळी करायला न चुकता हजर होता. वन्संचा चेहरा तेव्हा असा उजळे की बाईंना दोघांची कीव येई. बाईंनी समजावलं, भांडून पाहिलं, अबोला धरला. पालथ्या घड्यावर पाणी.

शेवटी एका दुपारी, भक्त यायच्या आधी, त्या चड्डी घेऊन मास्तरांसमोर उभ्या राहिल्या.

"अहो, ही आज पुढच्या गॅलरीत वाळत घालू का? ऊन छान आहे."

मास्तरांनी डोळे मिटायचा प्रयत्न केला, पण जमलं नाही. "अगं, हे काय? ठेव ते आत."

"ठेवते. वन्संना ऑपरेशनला हो म्हणा. मग ही कायम मागेच वाळेल."

"हा तत्त्वाचा प्रश्न आहे."

"तुमच्या तत्त्वाला नाडी आहे. गॅलरीतून सगळ्यांना दिसेल."

त्याच संध्याकाळी अखंड वस्त्राला नवा अध्याय फुटला. डाग काढणं म्हणजे कापणं नव्हे, ते धुणं. आणि मोतीबिंदू हा डाग आहे. भक्तांनी माना डोलावल्या. विमा एजंटाने तर डोळे पुसले. आदल्या दिवशी ह्याच्या नेमकं उलट ऐकून त्याने असेच डोळे पुसले होते.

ऑपरेशनं झाली, शेवटची पट्टी निघाली. वन्संना खिडकीचे गज दिसले, वहिनीचे पांढरे केस दिसले. बाईंना इतका आनंद झाला की त्या भरात त्यांनी चड्डीची सगळी गोष्ट सांगून टाकली आणि वन्सं हसतील म्हणून थांबल्या.

"ते मला ठाऊक होतं," वन्सं म्हणाल्या. "त्याच्या गुडघ्यावर हात ठेवला की चादरीतून शिवण लागायची."

"मग त्या थोतांडावर विश्वास कसा ठेवलात?"

"विश्वास कुठे होता?"

"मग ऑपरेशनला नको का म्हणालात?"

वन्सं दाराकडे बघत होत्या. "त्याच्या वस्त्रासाठी डोळे देणारी मी एकटीच होते ना, वहिनी. म्हणून येऊन बसायचा. हो म्हटलं असतं तर कशाला आला असता?"

पुढच्या खोलीतून खर्ज ऐकू येत होता. बहिणीला आपल्या शब्दाने दृष्टी आली, असं मास्तर भक्तांना सांगत होते. पट्टी निघाल्यापासून ते मागे एकदाही फिरकले नव्हते. वन्संजवळ आपणही कधी येऊन बसलो नाही, हे बाईंच्या तेव्हा लक्षात आलं आणि त्यांना फार वाईट वाटलं.

त्या उठल्या. मोरीतून चड्डी काढली, वन्संचा हात धरला आणि चादरींमधून वाट काढत दोघी पुढच्या गॅलरीत गेल्या. बाईंनी चड्डी दोरीवर टाकली. खर्ज मध्येच तुटला.

वन्संनी नाडी सरळ केली, हात लांब करून चिमटे मागून घेतले आणि दोन्ही टोकांना नीट लावले.

"आता येईल तो मागच्या खोलीत," त्या म्हणाल्या. "भांडायला का होईना."