पट्टी बराबर बसली पायजे

वसमतच्या स्टँडासमोर त्याचं फोटोफ्रेमचं दुकान होतं. नव्वदच्या दशकात मी रोज त्याच्या सावलीत उभा राहून एसटीची वाट बघायचो, पण दुकानदाराचं नाव विचारावं असं मला कधी वाटलं नाही. दुकानात सोनेरी सुविचारांच्या छापील पट्ट्या टांगलेल्या असायच्या. चित्र आलं की हा गृहस्थ त्याची रुंदी वितीनं मोजायचा आणि तेवढ्याच लांबीची पट्टी थुंकी लावून खाली चिकटवायचा. त्यामुळे परदेशी बंगल्याखाली साधेपणाचा उपदेश, पैलवानाच्या चित्राखाली अहिंसा. एकदा मी टोकलं, तर म्हणाला, "अर्थ कोन बघून राहिलं? पट्टी बराबर बसली पायजे."

एके दिवशी सिद्धेश्वर धरणाकडची एक बाई नवऱ्याचा फोटो न्यायला आली. मासे धरताना तो धरणात बुडाला, असं तीच सांगत होती. फोटोखाली पट्टी होती : 'जो खोल पाण्यात उतरतो, तोच जिंकतो.'

तिला वाचता येत नव्हतं. "काय लिवलंय, भाऊ?" तिनं मला विचारलं.

"तुमच्यावाचून घर सुनं आहे, असं लिहिलंय," मी कसंबसं म्हणालो.

तिनं पदरानं काच पुसली आणि फोटो छातीशी धरून ती निघून गेली.

वाटलं, आता तरी हा मान खाली घालेल. तो म्हणाला, "पुन्हा सांगा ना, सायेब. काय मनलात?"

पुढच्या महिन्यात माझं वाक्य सोनेरी पट्टीवर छापून आलं. दुकानात अगदी समोर टांगलं होतं, लाल मोटारीच्या चित्राखाली.

पट्टी बराबर बसली होती.