दाव्याखालची दोन बोटं

माकुणसारला आमच्या गोठ्यात जनावराला दावं बांधलं की त्याखाली दोन बोटं घालून बघायची. गेली की बस्स. बाबांकडून मी हे लहानपणीच शिकले. पुढे उत्तरेच्या बर्फात रेनडिअरचा अभ्यास करायला निघाले, तेव्हा बोईसरला कंपनीत जाणारा चुलतभाऊ म्हणाला, "आमचं नाक गेलं केमिकलनं, तुजं जाईल थंडीनं."

तिथे जनावरांच्या गळ्यात, ती कुठे फिरतात ते कळवणारे पट्टे बांधायचे. सोबतचे लोक मोजपट्टी लावत, तक्ता बघत. मला हसू यायचं. मी दोन बोटं घालायची.

एका उन्हाळ्यात एका तरण्या नराला मी तसाच पट्टा बांधला. शरदात नर माजतात, मान फुगते. मी हे वर्गात शिकवायचे!

शरदात तो सापडला तेव्हा पट्टा कातडं फाडून आत रुतला होता. दुसरा नर त्याच्या बरगड्यांत शिंगं खुपसत होता, आणि ह्याला ओरडायलाही श्वास नव्हता. दगड मारून मी त्या दुसऱ्याला हाकललं. सुरीने पट्टा कापायला गेले तर ह्याने मान झटकली, सुरी गळ्यात गेली. ऊन रक्त बाहीतून कोपरापर्यंत आलं. तो पाय झाडत राहिला, बराच वेळ. मेल्यावर मी पट्टा सोडवून पिशवीत लपवला.

कळपाचा म्हातारा मालक टेकडी चढून आला तेव्हा त्याचा कुत्रा पुढे पळत येऊन रक्त चाटायला लागला होता.

"ह्या कुत्र्यानं फाडलं? तू पाहिलंस?"

"हो," मी म्हटलं. खरं सांगितलं असतं तर माझं काम त्याच दिवशी संपलं असतं.

जनावर फाडणारा कुत्रा ते लोक ठेवत नाहीत. म्हाताऱ्याने त्याला बसायला सांगितलं. कुत्रा बसला, शेपूट हलवत. पहिली गोळी जबड्यात लागली. तो रांगत मालकाच्याच पायाशी गेला. दुसरी म्हाताऱ्याने बंदुकीची नळी डोक्याला टेकवून घातली.

ह्याला अकरा वर्षं झाली. यंदा घरी आले तेव्हा बाबा रेड्याला दावं बांधत होते. मी सगळं सांगून टाकलं. वर म्हटलं, "तुमचीच दोन बोटं, बाबा."

"दोन म्हशीला, बाय. रेड्याला चार. मस्तीत मान फुगते त्याची. सांगितलेलं मी तुला, पण तुजं ध्यान चिकू खाण्यात." त्यांनी गाठ आवळली. "त्या म्हाताऱ्याला सांगितलंस?"

"नाय."

"मंग माज्यापाशी कशाला रडतेस?"

विहिरीच्या कठड्यावर बसून मी फोन लावला. म्हाताऱ्याने उचलला. त्याच्या भाषेत मला येत होतं तेवढ्यात सगळं सांगितलं: पट्टा, सुरी, माझं ते "हो".

मग तो म्हणाला, "मी सांगितलं म्हणून तो बसला होता."

एवढंच. त्याने फोन ठेवला नाही, मलाही ठेवता येईना.