वामनबाब पोहायला शिकवतात

आम्ही पेडण्याचे चार-पाच लिहिणारे लोक दर शनिवारी बाजारातल्या एका हॉटेलात जमतो. आता आमच्याकडून नवीन लिखाण फारसं होत नाही, पण वामनबाबचे किस्से मात्र काजूच्या मोसमात बिया साठाव्यात तसे साठत चाललेत. एकाने उंडा पाव मोडून भाजीत बुडवला की दुसरा म्हणतो, "अरे, तो बोर्डाचा सांग रे!" मग चहा थंड होतो.

वामनबाब आमच्यातला खरा लेखक. बाकीचे आम्ही हौशी, मी तर मामलेदार कचेरीतला कारकून. त्याची एकुलती एक मुलगी चित्रा, नऊ वर्षांची. मे महिन्यात डिचोलीला मामाकडे गेली होती. तिथे बंद पडलेल्या खाणीच्या खड्ड्यात पाणी साठलेलं, हिरवंगार, शांत. पोरं खेळायला गेली आणि चित्रा परत आली नाही. वर्षभर वामनबाबने कागदाला पेन लावलं नाही. सुमतीवहिनींनी, म्हणजे त्याच्या बायकोने, तर त्या दिवसापासून पोरीचं नावसुद्धा तोंडातून काढलं नाही.

*

वर्षाने वामनबाबने पहिल्यांदा जे लिहिलं तो होता एक बोर्ड. अशा प्रत्येक खड्ड्यापाशी धोक्याचा बोर्ड लावायचा, असं त्याने ठरवलं होतं. पण लेखकाचा हात! "पाचूसारखं चमकणारं, आभाळ पोटात घेऊन निजलेलं हे पाणी वाटसरूला हाक मारतं, पण हे वाटसरू, सावध हो..." अशा अकरा ओळींचा पहिला बोर्ड लागला.

पुढच्या रविवारी लोक म्हापशाहून मोटरसायकली घेऊन ते पाणी बघायला आले! एक जोडपं तर डबाही घेऊन आलं होतं.

वामनबाब बैठकीत डोकं धरून बसला. आमचा रघू बँकेत कॅशियर, आणि कवी. कुणाचंही लिखाण कापायला तो एका पायावर तयार. त्याने अकराच्या अकरा ओळींवर काट मारली आणि खाली लिहिलं: "हंय उतरूं नकात. मरशात."

तोच बोर्ड आजपर्यंत लागतोय. रघू म्हणतो, "माझी सर्वांत जास्त वाचली गेलेली कविता!"

*

नुसत्या बोर्डाने भागेना, तेव्हा वामनबाब म्हणाला, पोरांना पोहायलाच शिकवूया. गावाबाहेर एक जुनी बांधलेली तळी आहे. चारी बाजूंनी पायऱ्या, एका टोकाला पाणी जेमतेम कमरेइतकं. सकाळी धुकं पाण्यावर बसलेलं असतं तेव्हा पलीकडची पायरी दिसतसुद्धा नाही. एखाद्या रविवारी मी तिथे उगाच बसून राहतो, आणि नऊ वाजले हे कुणीतरी हलवून सांगावं लागतं.

अडचण एवढीच होती की वामनबाबला पोहता येत नव्हतं. मग फेरीबोटीवरून रिटायर झालेला कायतान मदतीला आला. तो पाण्यात, वामनबाब काठावर वही घेऊन. वहीत चाळीस पानं लिहून तयार! पहिलं प्रकरण पाण्याचा स्वभाव. दुसरं श्वासाविषयी. तीन रविवार पोरं चड्ड्या घालून कोरडी पायऱ्यांवर बसून ऐकत होती. एक तर छान झोपलं.

शेवटी कायतान पाण्यातून ओरडला, "वामनबाब, भुरगीं भिजतलीं केन्ना?"

पोरं भिजणार कधी, हे असं तोंडावर विचारलं तेव्हा कुठे वामनबाबने वही मिटली. श्वास रोखायचा धडा मग बाल्दीत तोंड बुडवून झाला.

*

सगळ्या आया काही हसून पोरं पाठवत नव्हत्या. एकीने तर तोंडावर विचारलं, "तुमचां स्वतःचां सांभाळूक जमला नाय, आणि आमची पोरां तुमच्या हातात देवची?"

आम्हा सगळ्यांचे चेहरे पडले. मला तर त्या बाईचा असा राग आला की काय सांगू. वामनबाबने काठावरची जागा हाताने झाडली. मग म्हणाला, "बाये, तूय ये. काठार बस. मी चुकलंय तर तू बघ."

ती आली. पुढच्या रविवारी आणखी चौघी आल्या. महिन्याभरात पायऱ्यांवर आयांची रांग, मांडीवर सुपं, हातात चवळी. कायतानपेक्षा त्याच जास्त ओरडायच्या. "पाय मार रे मेल्या! नुसतो उताणो काय पडलंस!"

*

पणजीला एका साहित्याच्या कार्यक्रमात एका मोठ्या माणसाने वामनबाबला विचारलं, "काय, सध्या नवीन काय लिहिताय?"

"बोर्ड," वामनबाब म्हणाला.

गृहस्थांना वाटलं, कादंबरीचं नाव. म्हणाले, "वा! प्रकाशक कोण?"

"खिळे माझेच आहेत," वामनबाब म्हणाला.

परतीच्या बसमध्ये आम्ही हसून हसून बेजार झालो. वामनबाबही हसला. मग खिडकीकडे तोंड करून मला म्हणाला, "शंभर पोरं तरंगायला लागली रे. पण सुमती काही तळीच्या वाटेने येत नाही. देवळात जायचं तरी लांबून वळसा घालते. घरात आम्ही दोघं चित्राचं नाव चुकवून बोलतो. ती येईल का रे कधी?"

मी "येतील," म्हटलं, आणि खोटं बोलल्यासारखं वाटलं.

*

तळीवर एक पद्धत आहे. नवीन येणाऱ्याने वरच्या पायरीवर उभं राहून मोठ्याने नाव सांगायचं, वामनबाब ते रजिस्टरात लिहिणार, मगच पाण्यात उतरायचं.

त्या रविवारी धुकं दाट होतं. नवीन पोरांची रांग लागलेली. वामनबाब खाली मान घालून लिहीत होता. "नाव?" "सोनू." "नाव?" "पिंकी." "नाव?"

मी वर बघितलं. रांगेत, पिंकीच्या मागे, सुमतीवहिनी उभ्या होत्या. लुगड्याचा पदर कमरेला खोचलेला, हातात घरचा टॉवेल. पायऱ्यांवरच्या बायकांच्या चवळीचा आवाज थांबला.

"नाव?" वामनबाबने मान वर न करताच पुन्हा विचारलं.

"चित्राची आई," वहिनी म्हणाल्या.

वामनबाबचं पेन थांबलं. मग त्याने ते नाव जसंच्या तसं लिहिलं.

वहिनी तीन पायऱ्या उतरल्या. पाणी पावलांना लागलं तशा जागीच थांबल्या, आणि मागे वळून म्हणाल्या, "तुम्ही वर बसून काय लिहिताय? या खाली."

इतक्या वर्षांत पाण्याला पाय न लावलेला आमचा वामनबाब उठला आणि चष्मा, घड्याळ, सगळ्यासकट पायऱ्या उतरला. दोघं गुडघाभर पाण्यात उभी राहिली, हात घट्ट धरून. दोघंही थरथरत होती.

तेव्हा सात वर्षांची एक पोरगी, तळीतली आता चांगली मुरलेली, पोहत पोहत त्यांच्याजवळ आली आणि म्हणाली, "काकी, पयलीं थंड लागतां. मगे लागना."