ड्रमखालची ओळ

इला वझे साउंड मिक्सिंग करते. अमेरिकेत मिनियापोलिसजवळच्या ईडन प्रेरीत आईवडिलांच्या घराच्या बेसमेंटमध्ये तिचा स्टुडिओ आहे. त्या भागात राहणारे लायबेरियन, सोमाली, केनियन रॅपर तिच्याकडे येतात. त्यांच्या गाण्यांत हल्ली गाड्या आणि दागिने कमी, कबुल्या जास्त असतात. त्या नीट ऐकू येतील हे पाहणं इलाचं काम.

मोमोलू हा त्यांतलाच एक, दिवसा नर्सिंग होममध्ये नोकरी करणारा. तिकडे लायबेरियात, मोन्रोव्हियाला वडील वारले तेव्हा तो गेला नाही. कागदपत्रं अडकलीत, गेलो तर परत येता येणार नाही, असं त्याने आईला सांगितलं. तिने तेच चर्चमध्ये सगळ्यांना सांगितलं. प्रत्यक्षात ग्रीन कार्ड त्याच्या खिशात होतं. वडिलांशी बोलणं तुटलेलं होतं आणि त्याला जायचंच नव्हतं. हे त्याने गाण्यात एका ओळीत लिहिलं.

"ती ओळ ड्रमच्या आवाजाखाली दाब," तो इलाला म्हणाला.

"मग लिहिलीस कशाला?"

"लिहायची होती. मांला ऐकवायची नाहीये."

"काढून टाक ना, यार."

"नाही. राहू दे. पण खाली."

इलाची आई सुलभा चहा घेऊन आली होती. "आईपासून लपवायचं, म्हणून गाणं करतोय का हा?"

"मॉम, प्लीज. ही इज अ क्लायंट."

"असू दे क्लायंट. थालीपीठ खातो का विचार."

त्याने दोन खाल्ली. इलाने ओळ दाबली.

मिक्स झालं की गाणं गाडीत वाजवून बघायची पद्धत आहे. बहुतेक लोक तिथेच ऐकतात. रविवारी आईला चर्चला नेताना मोमोलूने ते लावलं. ओळ तिला कळते का, हेच त्याला तपासायचं होतं.

"ते बंद कर," आई म्हणाली. "मध्ये काय म्हणालास?"

"काही नाही, मां."

"लहानपणीही खोटं बोलताना असाच पुटपुटायचास."

चर्चच्या पार्किंगमध्ये त्याला ती ओळ साध्या आवाजात सांगावी लागली. आई उतरून चर्चमध्ये गेली. परतताना ती शेजारणीच्या गाडीतून घरी गेली.

दुसऱ्या दिवशी त्याने इलाला फोन केला. "मांला कळलं. ओळ वर आण."

"किती?"

"पूर्ण."

"मां काही बोलल्या?"

"अजून नाही."

इलाने तेवढ्या जागेपुरता ड्रम काढून टाकला आणि फाइल पाठवली.