आमचंच कूळ

माझी माय कोणावर भरोसा ठेवायची नाही. कोर्टातल्या शिपायानं पाणी दिलं तरी आधी ग्लासात बघायची. तिला हसावं तरी कसं, सवाल चार एकर रानाचा होता.

बाबा नोकरीपायी बाहेरगावी. त्यांच्या वाट्याचं रान त्यांचा धाकटा भाऊ, माझा काका, बटईनं करायचा. निम्मी हळद त्याची, निम्मी आमची. बाबा वारले अन् त्याच साली आमची हळद यायची बंद झाली. मायनं दिवाणी कोर्टात दावा लावला. तिथं काकाच्या वकिलानं एकच शब्द काढला. म्हणे, हा माणूस या जमिनीचं कूळ आहे, कसणाऱ्याला रानातून हलवता येत नाही. न्यायाधीश म्हणाले, कूळ आहे की नाही ते तहसीलदार ठरवतील, तोवर दावा थांबवा. झालं, आमी या दारातून त्या दारात. मधल्या काळात जिल्हा फुटला, परभणीचं हिंगोली झालं. मायला त्यातही काकाचाच हात दिसला. मी हसले तर म्हणाली, "तू अजून दुनिया पाह्यली न्हाईस."

कूळ हा शब्द आमच्या घरात शेतीसाठी कोणी वापरत नव्हतं. आमी बटईदार म्हणायचो. कूळ म्हणजे सोयरीक जुळवताना बघतात ते. आमच्या वकिलानं मायला बजावलं, "एवढंच सांगा, तो आमचं कूळ नाही." मायचं डोकं तिथंच सटकलं. परतताना आखाडा बाळापूरला एसटी थांबली, तेव्हा माझ्या कानाला लागली, "ह्यो वकील मिळालेला हाय त्याला. सख्ख्या दिराला आमच्या कुळातला न्हाई म्हणू? मंग मी कोणत्या कुळात आले? रानावर हक्क तरी काहून सांगावा?"

मला तिचं बोलणं पटलं, हे आज कबूल करते. त्या वकिलाला काकाच्या वकिलासोबत चहा पिताना मीही पाहिलं होतं.

तहसीलात साहेबांनी विचारलं, "हे तुमचं कूळ आहेत का?" मायनं पदर सावरला अन् ठणकावून सांगितलं, "व्हय साहेब. आमचंच कूळ. एका रगताचे हायेत."

कारकुनानं 'कूळ असल्याचे मान्य' एवढंच लिहिलं. रगताचं त्यानं कशाला लिहावं? आमच्या वकिलानं कपाळावर हात मारला. काका खाली मान घालून उभा होता. त्याला सगळं कळलं होतं. मायनं खुशीत अंगठा दिला.

निकाल त्या अंगठ्यावरच गेला, काका कूळ ठरला अन् रान त्याच्याच ताब्यात राहिलं. अपिलातही तोच कागद आडवा आला. असा निवाडा तहसीलनं करावा का दिवाणीनं, यावर वकील लोक तासभर भांडतील. मी म्हणते, कुठंही करा, पण विचारलेला शब्द त्या बाईला कळला का, हे आधी बघा.

माय गेली तेव्हा काका आला. भावकीचा म्हणून दहा दिवस सुतक पाळलं, दहाव्याला डोकं भादरलं. माझ्या अंगाची आग झाली. मी सगळ्यांदेखत विचारलं, "काका, हे सुतक कशापायी? कूळ म्हणून का कुळातले म्हणून?"

तो टकलावरून हात फिरवत राहिला. मग हळूच म्हणाला, "वैनी बराबरच बोलल्या व्हत्या, बाई. कारकुनानं अर्धंच लिवलं."

दुसऱ्या दिवशी तो आमच्या रानात हळद काढायला गेला.