कॅमेरा बंद न करणारे दाजी

आमच्या दाजींइतका चिवट माणूस बेळगावपासून निपाणीपर्यंत दुसरा सापडायचा नाही. माहितीपटांचे चित्रण हा त्यांचा धंदा आणि कॅमेरा वेळेवर बंद न करणे ही त्यांची खोड. दिग्दर्शक 'कट' म्हणून चहाला जायचा, दाजी आपले डोळा लावून उभेच. "समदं संपलं असं वाटलं की मग माणूस खरं बोलतोय बघ," म्हणायचे. पूर्वी संकेश्वरात लग्नं करायचे, तेव्हाही तेच. नवरी सासरी गेली, मांडव रिकामा झाला, तरी हे मुलीच्या बापावर कॅमेरा रोखून. तो बिचारा तिची विसरलेली चप्पल मांडीवर घेऊन बसलेला. वरपक्षाने ते चित्रण पाहिलं आणि धाकट्याच्या लग्नाला दुसरा माणूस ठरवला. माझी आक्का, म्हणजे दाजींची बायको, कपाळाला हात लावायची.

माझे वडील येळ्ळूरचे, सीमालढ्यातले जुने कार्यकर्ते. मी कन्नडची परीक्षा देऊन कर्नाटक सरकारच्या कचेरीत लागलो, तेव्हापासून आप्पा माझ्याशी कामापुरतंच बोलू लागले. मला, पोटच्या पोराला, 'सायेब' म्हणायचे. ते फार लागायचं. पुढे सीमाभागावरच्या एका माहितीपटात त्यांची मुलाखत आली. चित्रण अर्थातच दाजींचं. कन्नडपुढे मान तुकवणाऱ्यांवर आप्पा असे कडाडले होते की मला पडद्याकडे बघवेना. वाटलं, हे सगळं मलाच उद्देशून चाललंय.

गेल्या वर्षी आप्पा गेले. बारावं झाल्यावर दाजींनी मला शेजारी बसवून लॅपटॉप उघडला. तीच खुर्ची, तेच भाषण. ते संपलं. आप्पांनी टोपी काढून डोकं पुसलं आणि कॅमेऱ्यामागच्या जावयाला हळूच विचारलं, "पोरगं माझं कन्नड लई झ्याक बोलतंय म्हणं. मोठं सायेबसुदिक त्याच्याकडनं कागद लिवून घेत्यात. खरं व्हय, जावईबापू?"

दाजींचा 'व्हय' ऐकू आला. आप्पा तोंडभर हसले. नोकरी लागल्यापासून माझ्यासमोर ते तसे कधी हसले नव्हते. "म्या हाय तवर त्याला दावू नगा," म्हणाले आणि उठून गेले.

"शबूद दिलता रं," दाजी म्हणाले. मला त्यांचा राग आला, आणि रडू तर आवरेचना.

पडद्यावर नुसती खुर्ची उरली होती. दाजींनी अजून कॅमेरा बंद केला नव्हता. आयुष्यात पहिल्यांदाच मला वाटलं, त्यांनी तो करूच नये.