चार वाजून बारा मिनिटांचा फोन

गल्लीत त्यांना सगळे दातवाल्या वहिनी म्हणत. कवळ्या बनवणाऱ्या छोट्या कारखान्यात त्या कामाला होत्या. मेणात एकेक दात बसवायचा, घासायचा, चकाकी आणायची. नवरा लिफ्ट दुरुस्त करायचा. दोन वर्षांपूर्वी एका दुपारी एका टँकरने त्याला उडवलं आणि तो जागीच गेला. तेव्हापासून वहिनी बोलेनाशा झाल्या. "लोकांचे दात बसवते आणि हिची मात्र दातखीळ बसलीय," सासू शेजारणीला सांगायची. तिला वाटायचं, हे दुःख आहे. दुःख होतंच, पण त्याहून मोठी भीती होती.

त्या दिवशी चार वाजून बारा मिनिटांनी वहिनींनीच नवऱ्याला फोन केला होता. काम क्षुल्लक होतं: सासूच्या गुडघ्याचं मलम आणायचं. त्याच्या फोनचा चाकाखाली चुरा झाला. स्वतःच्या फोनमधली नोंद वहिनींनी दुसऱ्याच दिवशी पुसली आणि तोंडाला कुलूप लावलं.

सासूसुनेने मिळून नुकसानभरपाईचा दावा लावला. साक्षीच्या आधी वकीलबाईंनी बजावलं, "विमा कंपनी म्हणते, तुमचा नवरा फोनवर बोलत रस्त्याच्या मधून स्कूटर चालवत होता. तसं ठरलं तर दावा अर्धाही उरायचा नाही. तुम्हाला काही ठाऊक आहे का?"

"नाही," वहिनी म्हणाल्या.

पुढचे तीन आठवडे त्यांचं कामात लक्ष नव्हतं. एक खालची कवळी वाकडी झाली आणि परत आली. कुठेही फोन वाजला की काळजात धस्स व्हायचं. एका संध्याकाळी त्यांनी सासूला सांगायचं ठरवलंही.

"आई..."

"काय गं?"

"काही नाही. कुकर बंद करू का?"

"लावलाय कुठे अजून?"

तारखेच्या दिवशी वहिनी साक्षीला उभ्या राहिल्या. मागच्या बाकावर सासू. कंपनीचा वकील फार गोड बोलत होता, त्यामुळेच त्यांची पाचावर धारण बसली. त्याने फाइलमधून फोन कंपनीच्या नोंदींचा कागद काढला.

"ताई, चार बाराला तुमच्या नंबरवरून यजमानांना फोन गेला. एक मिनिट चालला. बरोबर?"

सासूने मान वर केली. 'आठवत नाही' हे शब्द अगदी ओठांवर आले होते.

"बरोबर," त्या म्हणाल्या.

"म्हणजे स्कूटर चालवता चालवता ते बोलत होते."

"नाही. 'थांब, कडेला घेतो,' म्हणाले. इंजिन बंद झालं. स्टँड लावल्याचा आवाज आला. मग म्हणाले, 'हं, बोल.' मी मलमाचं सांगितलं. त्यांनी नाव दोनदा विचारलं. मग मोठा हॉर्न ऐकू आला. पुढे काहीच नाही."

"इतकी महत्त्वाची गोष्ट दोन वर्षं का लपवलीत?"

"मी फोन केला नसता तर ते तिथे थांबलेच नसते. मलम कोपऱ्यावरच्या दुकानातही मिळत होतं."

न्यायाधीशांनी पंचनामा मागे-पुढे चाळला आणि एका पानावर थांबले. डांबरापासून तीन फूट आत, मातीत, स्टँड रुतल्याचा खळगा होता, असं पोलिसांनी लिहून ठेवलं होतं. त्या ओळीकडे आजवर कोणाचं लक्ष गेलं नव्हतं. दावा बुडवायला आणलेल्या फोनच्या कागदामुळेच उघड झालं, की माणूस कडेला उभा होता आणि टँकर रस्ता सोडून त्याच्या अंगावर गेला.

वहिनींची खरी भीती मात्र पुढेच होती. परतताना सासू चकार शब्द बोलली नाही. चार दिवस ताट वाढून पुढे सरकवायची आणि आत जायची. आपल्याला आता घराबाहेर काढणार, हे वहिनी धरूनच चालल्या. कुठे जायचं, कोणाकडे, याची मनात जुळवाजुळवही सुरू केली.

पाचव्या दिवशी भाजी निवडताना सासूने विचारलं, "नाव दोनदा का विचारलं त्याने?"

"नीट कळलं नाही म्हणाले. हसले."

"हसला?"

"हो."

सासू बराच वेळ देठं मोडत राहिली. "लहानपणीही तसाच. दुकानापर्यंत जायचा आणि काय आणायचं ते विचारायला परत यायचा." मग खाली बघतच म्हणाली, "मला इतकी भ्यायचीस?"

"हो, आई."

"कोर्टात ऐकलं तेव्हा आधी तुझा रागच आला. खोटं कशाला बोलू? मग वाटलं, आता ही निघून गेली तर मी कोणाच्या तोंडाकडे बघू? रागात काहीतरी निसटेल, म्हणून बोललेच नाही."

पाच महिन्यांनी निकाल लागला. सगळा दोष टँकरवाल्यावर ठेवला गेला आणि दावा पूर्ण मंजूर झाला. वहिनी अजून कवळ्या बनवतात. आता थोडंफार बोलतातही. पण रस्त्यावर असलेल्या माणसाला त्या कधीच फोन करत नाहीत. सासू बाजारातून यायला उशीर झाला, तर दाराशी येऊन उभ्या राहतात.